कोकराचं बोलावणं

ओनी, जॉर्जिया, १९ एप्रिल १९९८

शाबाता,

दचकू नकोस, कुणी मेलेलं नाही. आठ वर्षांनी बहिणीचं पत्र आलं की माणसाला आधी तेच वाटतं, म्हणून पहिल्याच ओळीत सांगून टाकते. मी ठणठणीत आहे. गुडघे कुरकुरतात, पण ते तू इथे होतास तेव्हाही कुरकुरायचे. आईबाबांच्या कबरींना सणाआधी चुना लावला. घर उभं आहे, छप्पर गळत नाही, आणि तू जे म्हणाला होतास की दोन हिवाळ्यांत मी रडत तुमच्या मागे इस्राएलला, अश्दोदला येईन, त्यातलं काहीही झालेलं नाही.

हे पत्र मी माझ्या मनानं लिहीत नाहीये, हेही आधीच सांगते. एका कोकरामुळे लिहावं लागतंय.

शेजारचा वारलाम तुला आठवतच असेल. दर वल्हांडणाच्या सणाला तो मला एक कोकरू देतो आणि मी त्याच्या घरी बेखमीर भाकऱ्या पाठवते. तो त्या दारूत बुडवून खातो आणि दर वर्षी तेच म्हणतो, "सिपोरा, तुमच्या बापजाद्यांनी मिसरातून पळताना चिमूटभर मीठ तरी उचलायचं होतं!" यंदा त्यानं कोकरू घरी आणून न देता बाजारात आणलं. पांढरंशुभ्र, एक कान तेवढा काळा. मी पोचले तर कुणी एक परगावची बाई त्याच्या पाठीवरून हात फिरवून दात मोजत होती. माझं डोकंच फिरलं. मी कोकराची मान धरली आणि भरबाजारात ओरडले, "हात लावू नका! हे वल्हांडणासाठी आहे!"

सगळा बाजार वळून माझ्याकडे बघायला लागला. आपले म्हातारे येफ्रेमआजोबा, ज्यांच्या कानाशी तोफ उडवली तरी ते 'कोण आलंय?' विचारतात, त्यांना नेमकं तेवढंच ऐकू आलं. काठी आपटत आले. म्हणाले, "पोरी, काय बोललीस तू?" चौसष्ट वर्षांची पोरगी मी!

तुला अश्दोदच्या समुद्रवाऱ्यात सगळं विसरायला झालं असेल, म्हणून आठवण करून देते. बाबा काय सांगायचे? मासा वल्हांडणासाठी म्हणा, कांदे म्हणा, नवे जोडे म्हणा. पण जित्या कोकराकडे बघून तो शब्द काढायचा नाही. यरुशलेमला आपलं मंदिर होतं तेव्हा वल्हांडणाचं कोकरू मंदिरात जायचं. आता मंदिर नाही, वेदी नाही. अशात कोकराकडे बघून 'हे वल्हांडणासाठी' म्हटलं म्हणजे ते देवाला देऊन टाकलं. मग ते कापायचं नाही, खायचं नाही, विकायचं नाही, त्याची लोकरसुद्धा कातरायची नाही. लहानपणी तू एकदा म्हणणार होतास तेव्हा बाबांनी तुझ्या तोंडात अख्खा बटाटा कोंबला होता.

तर यंदा सणाच्या थाळ्यात कोकराच्या हाडाच्या जागी मी कोंबडीची मान ठेवली. मोशेनं बघितलं असतं तर दुभंगलेला समुद्र तिथेच मिटवून घेतला असता. आणि ते कोकरू माझ्या अंगणात उभं राहून माझा कोबी खातंय.

मी पोस्टात जाऊन कुताईसीच्या हाखामांना, तिथल्या धर्मगुरूंना फोन लावला. ते बरंच काही बोलले, लाइन खरखरत होती. त्यातलं कामाचं एवढंच, की बोललेला बोल सोडवायचा असेल तर तीन पुरुष बसावे लागतात. त्यांच्यासमोर उभं राहून 'मी बोलले त्याचा मला पश्चात्ताप होतो' असं म्हणायचं, मग ते तीनदा 'मोकळं आहे' म्हणतात आणि सुटका होते. आता आपली पुरुष माणसं इथे उरलीत किती? येफ्रेमआजोबा. औषधाच्या दुकानातला रूबेन. आणि बिन्यामिन चांभार.

बिन्यामिनसमोर मी उभी राहणार नाही. चाळीस वर्षांपूर्वी त्यानं मला मागणी घातली होती आणि मी काय बोलले होते ते सगळ्या ओनीला तोंडपाठ आहे. त्याच्यापुढे जाऊन मी म्हणू, 'मी बोलले त्याचा पश्चात्ताप होतो'? तो तिथल्या तिथे केसांना तेल लावून येईल.

कुताईसीला जाऊन तिथल्या लोकांपुढे उभी राहा, असं तू म्हणशील. आपल्या राचा भागातल्या माणसांची खिल्ली उडवणं हा त्यांचा पोटापाण्याचा धंदा आहे. कोकरू घेऊन बसमधून उतरले तर पुढची दहा वर्षं त्यांना पुरेल.

नियमात एक गंमत आहे. एरवी कुठल्याही न्यायासनावर रक्ताचा नातेवाईक चालत नाही. बोल सोडवायला मात्र चालतो. भाऊसुद्धा.

मी तुला बोलावत नाहीये हां. बसच्या पायरीवर उभा राहून तू काय ओरडलास ते मला आठवतं: "सिपो, तू स्वतःच्या तोंडानं 'ये' म्हणत नाहीस तोवर तुझ्या घरचा घास घेणार नाही!" आणि मी काय म्हणाले तेही आठवतं: "देवाशप्पथ, तो शब्द माझ्या तोंडून तुला ऐकू यायचा नाही!" तुझ्या मते मी भावापेक्षा दगडविटा प्यारे धरले. माझ्या मते तू कबरी टाकून पळालास. तो वाद मला इथे काढायचा नाही. मी फक्त नियम सांगितला.

लामाराला आणि मुलांना आशीर्वाद. आज वारलामकडे ईस्टर आहे. त्याच्या बायकोनं लाल अंडी आणून दिलीत, एक कोकरानं टरफलासकट खाल्लं.

सिपोरा


ओनी, २४ जून

शाबाता,

रूबेनच्या भाचीकडून तुझं कार्ड मिळालं. समुद्र छान आहे. मागच्या बाजूला एवढी कोरी जागा असताना तू दोन शब्द लिहिलेस: "लोकर कातर." वा! आठ वर्षांत दोन शब्द. टपालतिकिटाला तरी लाज वाटली असेल.

कशी कातरू? देवाची वस्तू आहे ती. तू अश्दोदमध्ये कुणाला विचारलंस का? विचारलं असशील तर कुणाला, आणि तो काय म्हणाला? जाऊ दे, सांगू नकोस. तिकडच्या हाखामांना राचाच्या मेंढरांमधलं काय कळतं!

कोकरू वाढतंय. कपाळावर शिंगांचे कोंब आलेत. गेल्या आठवड्यात त्यानं बिन्यामिनची टोपी खाल्ली. बिन्यामिन कुंपणापाशी येऊन 'काही मदत लागली तर सांग' म्हणत होता, टोपी कुंपणावर ठेवून. मी म्हटलं, "बघ, यालासुद्धा तू नकोयस." तो हसला. माणूस वाईट नाही रे, फक्त संथ आहे. आपण सगळेच राचाचे संथ, पण याला मागणी घालायलाच दोन वर्षं लागली होती. मी हो म्हटलं असतं तर लग्न अजून व्हायचं असतं.

तुला एक गोष्ट सांगायची आहे. वारलामची या कोकरावर नजर आहे. ऑगस्टच्या शेवटी त्यांचा मेरीमातेचा सण. तेव्हा तो दर वर्षी एक कोकरू चर्चभोवती तीन फेऱ्या फिरवतो, शिंगांवर मेणबत्त्या चिकटवतो, मग कापून सगळ्या आळीला जेवू घालतो. तो आला आणि म्हणाला, "सिपोरा, तुमच्या देवाला तुमचं कोकरू पोचवायला मंदिर नाही. आमच्याकडे चर्च आहे. देव तर एकच, नाही का? मग माझ्या दारातून पाठवू या की!"

मी म्हटलं, "पोस्ट ऑफिस वाटलं का तुला, या नाही तर त्या खिडकीतून दे म्हणून?"

तो ऐकेना. शेवटी दोघं मिळून पाद्री इलारिओनकडे गेलो. मी पायरीच्या खाली उभी, वारलाम वर, कोकरू मध्ये. पाद्रीबुवा दाढीतून हात फिरवत म्हणाले, "वारलाम, किती वेळा सांगू, आमचा कोकरा एकदाच मारला गेला, सगळ्यांसाठी. देवाचा कोकरा. त्यानंतर दुसऱ्या कुणाला मारायची गरज उरली नाही. दर रविवारी मी वेदीवर पावाचा एक तुकडा कापतो ना, त्यालाच आम्ही कोकरा म्हणतो."

वारलाम म्हणाला, "मग मी तीस वर्षं चर्चभोवती फिरवतोय ते काय?"

"ते जेवण," पाद्रीबुवा म्हणाले. "आणि खांद्याचा भाग मला पाठवतोस ते चांगलं करतोस. पण त्याला बळी म्हणू नकोस."

मला हसू फुटलं. मी म्हटलं, "म्हणजे बघा, तुमचा कोकरा पावात, आमचा हाडात, आणि खरंखुरं कोकरू माझ्या अंगणात माझा कोबी खातंय. दोन्ही धर्म मिळून त्याला हात लावत नाहीत. याच्याएवढं नशीबवान जनावर नोहाच्या तारवातसुद्धा नव्हतं."

पाद्रीबुवाही हसले. मग त्यांनी एकदम विचारलं, "सिपोराबाई, तुम्हाला तर सगळे नियम पाठ. भरबाजारात तुमची जीभ घसरली कशी?"

मी म्हटलं ऊन फार होतं. एप्रिलमध्ये. जाऊ दे.

येताना वारलाम म्हणाला, "शाबाता असता तर एवढं झालंच नसतं. चुटकीसरशी तिघं बसले असते." मी म्हटलं, तो असता तर बरंच काही झालं नसतं. आणि बरंच काही झालं असतं. हे मी त्याला म्हटलं, तुला म्हणत नाहीये.

सिपोरा


ओनी, ९ ऑगस्ट

शाबाता,

इथे आग ओकतोय सूर्य. कुत्री रिओनी नदीच्या पाण्यात बसून असतात. कोबी संपला, काकड्या सुकल्या. आणि तुझ्या हट्टापायी एक मुका जीव लोकरीत शिजतोय.

तो आता कोकरू राहिलेला नाही, मेंढा झालाय. लोकर एवढी वाढलीय की त्याचं तोंड शोधावं लागतं. दुपारी जिन्याखालच्या सावलीत पडून धापा टाकतो आणि माझ्याकडे बघतो. मी ओलं फडकं फिरवते, पंख्यानं वारा घालते. परवा वारलाम कातर घेऊन आला. म्हणाला, "मी ख्रिस्ती माणूस, माझ्या हातानं पाप लागलं तर मी बघून घेईन, तू फक्त तोंड फिरव." कातर माझ्या डोळ्यासमोर चकाकत होती. मी तोंड फिरवलंसुद्धा. मग परत वळवलं आणि म्हणाले, नको. नियम म्हणजे नियम. वारलाम माझ्याकडे असा बघत राहिला जसा त्याच्याकडचं डुकराचं मांस मी न खाल्ल्याबद्दल बघतो.

येफ्रेमआजोबा रोज संध्याकाळी येतात, मेंढ्याला बघायला. बसतात, चहा पितात, उठून जातात. काल अचानक बोलले. "अब्राहामानं मुलाच्या जागी मेंढा दिला. मिसरात थोरल्या मुलांच्या जागी कोकरं गेली. जिथे माणसाला स्वतःचं काही द्यायचं जिवावर येतं, तिथे तो कोकरू पुढे करतो. बिचारं बोलत नाही ना, म्हणून." मी म्हटलं, आजोबा, चहा निवतोय. तर म्हणाले, "तू कशाच्या जागी दिलंस, पोरी?" मी मोठ्यानं म्हटलं, "चहा निवतोय!" त्यांनी कानाला हात लावला, ऐकू आलं नाही म्हणाले. लबाड म्हातारा. हवं तेवढं बरोबर ऐकू येतं.

आता तू हे पत्र वाचून लामाराला म्हणशील, 'सिपोला एकटेपणानं वेड लागलंय, मेंढ्याशी बोलते.' बोलते. त्यात काय? तो बाकीच्यांपेक्षा बरा ऐकतो आणि मध्येच समुद्र ओलांडून जात नाही. संध्याकाळी आम्ही दोघं ओट्यावर बसतो. समोरच्या जागेवर बाबांची खुर्ची आहे, तुझी तिच्या शेजारी. घर मोठं आहे, शाबाता. आधी लक्षात येत नव्हतं, इतकी माणसं होती की पाय टाकायला जागा नसायची.

आपलं नववर्ष जवळ आलं. त्याच्या आदल्या सकाळी लोक आपापले बोल सोडवून घेतात, हे तुला माहीत आहे. माझ्याकडे दोनच पुरुष आहेत. तारीख वीस सप्टेंबर. माहिती म्हणून लिहिलं.

सिपोरा


ओनी, १ सप्टेंबर

शाबाता,

तुझं कार्ड मिळालं. "कोकरासाठी येतो. तुझ्यासाठी नाही." ठीक. मी कुठे म्हटलं माझ्यासाठी?

कुताईसीहून दुपारची बस घे, सकाळची रस्त्यात बंद पडते. रूबेनकडे उतर, त्याच्याकडे जागा आहे. माझ्याकडे उतर असं मी म्हणत नाहीये, म्हणू शकत नाही, हे तुलाही ठाऊक आहे. रूबेनची बायको कसा स्वयंपाक करते हेही ठाऊक असेल. तिच्या सूपमध्ये पाणी असतं आणि पाण्यात मीठ नसतं. तुझी निवड.

फाटकाला निळा रंग दिलाय. मेंढ्यानं शिंगं घासून जुना उडवला होता, म्हणून. नाहीतर मी कशाला देतेय!

सिपोरा


ओनी, २५ सप्टेंबर

प्रिय लामारा,

अगं, घाबरू नकोस, तुझा नवरा धडधाकट आहे. तो स्वतः लिहीत नाही कारण त्याच्या हाताला आक्रोडाचे डाग पडलेत आणि तोंडात घास आहे. त्याचं कार्डावर दोन शब्द लिहिण्याचं वळण तुला माहीतच आहे. म्हणून सगळं मीच सांगते, पहिल्यापासून.

बस आली. मी फाटकाच्या आत उभी, तो बाहेर. मध्ये मेंढा. तुझ्या नवऱ्याचं पोट सुटलंय गं, आणि डोक्यावरचे केस गेले कुठे? मला रडू आलं होतं, पण त्यानं बोलायला सुरुवात केली आणि ते परत आत गेलं.

"हेच का ते?" तो म्हणाला.

"हेच."

"कोकरू लिहिलं होतंस. हा तर रेडा आहे."

"लवकर यायचं होतंस, तेव्हा कोकरू होतं."

एवढं बोलून तो रूबेनकडे गेला. पुढचे सगळे दिवस तसेच. रोज संध्याकाळी माझ्या फाटकाशी यायचा, 'मेंढ्याची तपासणी करायला'. आत पाऊल नाही. मी काय केलं असेल? स्वयंपाकघराची खिडकी सताड उघडली आणि लोबियो शिजत घातलं. तुला माहीत आहे ना ते आमच्या आईचं, राजमा आणि आक्रोडाचं, वरून कोथिंबीर? पहिल्या दिवशी तो नाक वर करून उभा राहिला. दुसऱ्या दिवशी फाटकाला टेकून. तिसऱ्या दिवशी वारलामनं मला हाक मारून सांगितलं, "सिपोरा, देवाला भी! तो माणूस तुझ्या फाटकाचा रंग चाटेल आता!"

पण मी काय करणार? मला तो शब्द म्हणता येत नव्हता. देवाशप्पथ घेतली होती. आणि तो म्हटल्याशिवाय त्याला आत येता येत नव्हतं. आम्ही भावंडं म्हणजे दोन कुलपं, एकमेकांच्या किल्ल्या गिळून बसलेली.

नववर्षाच्या आदल्या सकाळी, प्रार्थना झाल्यावर, सिनेगॉगच्या अंगणात तिघं बाकावर बसले. मध्ये येफ्रेमआजोबा, एका बाजूला रूबेन, दुसऱ्या बाजूला तुझा नवरा, गळ्यापर्यंत गुंड्या लावून, जसा काही तिबिलिसीचा मोठा न्यायाधीश. बिन्यामिनला मेंढ्याची दोरी धरायला दिली. भिंतीपलीकडून वारलाम आणि त्याची बायको बघत होते. अर्धं ओनी जमलं होतं म्हण. राचात कुणी कशाची घाई करत नाही, पण अशा वेळी सगळे वेळेवर येतात.

मी पुढे झाले. शाबातानं विचारलं, न्यायाधीशाच्या आवाजात, "काय बोल बोलली होतीस? आणि कशाचा पश्चात्ताप आहे?"

मी म्हटलं, "बाजारात कोकराला—" आणि तिथेच अडकले. लामारा, मी पाच महिने ते वाक्य पाठ केलं होतं. पण त्याच्या चष्म्याची एक काडी दोऱ्यानं बांधलेली होती. बाबा तशी बांधायचे. मी तिकडे बघितलं आणि कोकराचं वाक्य तोंडातून येईना.

म्हणाले, "आठ वर्षांपूर्वी बसपाशी मी देवाशप्पथ घेतली, की माझ्या भावाला 'ये' म्हणणार नाही. मला त्याचा पश्चात्ताप होतो. रोज होतो."

येफ्रेमआजोबांनी कानाला हात लावला. "काय म्हणाली?"

म्हणजे मला ते परत म्हणावं लागलं. मोठ्यानं. त्यांनी परत कानाला हात लावला. तिसऱ्यांदा मी इतक्या जोरात ओरडले, की वारलामची बायको पलीकडून म्हणाली, "आम्हाला कळलं, आम्हाला कळलं!" आता मला वाटतं, म्हाताऱ्याला पहिल्यांदाच ऐकू आलं होतं.

मागून बिन्यामिन हळूच बोलला, "माझ्यासाठी नव्हता, पण कानाला बरं वाटलं." मी वळून त्याच्याकडे बघितलं. आयुष्यात पहिल्यांदा त्यानं वेळेवर काहीतरी म्हटलं होतं.

मग तिघांनी म्हणायचं असतं. येफ्रेमआजोबा आणि रूबेन म्हणाले, "मोकळं आहे तुला, मोकळं आहे तुला, मोकळं आहे तुला." तुझा नवरा दोनदा म्हणाला आणि थांबला. चष्मा काढून पुसत बसला. पुसत बसला, पुसत बसला. येफ्रेमआजोबा त्याच्या गुडघ्यावर काठी ठोकून म्हणाले, "न्यायाधीशसाहेब, एक राहिलंय."

"मोकळं आहे तुला, सिपो," तो म्हणाला. सिपो असं त्यात म्हणायचं नसतं, पण कुणी हरकत घेतली नाही.

मी म्हटलं, "ये. जेवायला ये."

तर तुझा नवरा काय म्हणाला? "लोबियो उरलंय का?" एवढंच! मी त्याला एक धपाटा घातला आणि मग मात्र रडले. तोही रडला. रूबेनही रडला, पण त्याला बायकोच्या स्वयंपाकाचंही दुःख असेल.

घरी तो बाबांच्या शेजारच्या त्याच्या खुर्चीवर बसला. तिसरी ताटली संपवली आणि पाणी पिऊन म्हणाला, "सिपो, एक सांगू? तुझं पहिलं पत्र आलं तेव्हाच मी अश्दोदच्या हाखामांना विचारलं होतं. ते हसले. म्हणाले, तोंड आणि मन एक असेल तरच बोल लागतो. जीभ घसरून बोललेलं लागत नाही. खुशाल कातरा, खुशाल खा."

मी म्हटलं, "मग आलास कशाला?"

तो म्हणाला, "तू एप्रिलमध्ये कुताईसीला फोन केला होतास. तुला त्यांनी हेच सांगितलं नसेल?"

सांगितलं होतं, लामारा. पहिल्याच मिनिटाला, स्वच्छ. लाइन अजिबात खरखरत नव्हती. हाखाम म्हणाले, 'बाई, घरी जा, कोकरू कापा, सण साजरा करा.' मी फोन ठेवला आणि पोस्टाच्या पायरीवर बसून राहिले. तेव्हाच माझ्या मनात आलं, की माझ्या तोंडून नाही, पण कोकराच्या तोंडून बोलावणं जाऊ शकतं. आणि मग सबंध उन्हाळा त्या गरीब जीवाला लोकरीत ठेवलं, माझ्या एका शब्दापायी. येफ्रेमआजोबांनी बरोबर ओळखलं होतं. लोक मुलाच्या जागी कोकरू देतात, मी शब्दाच्या जागी दिलं.

शाबाता इतका हसला की ठसका लागला. म्हणजे आम्ही दोघंही गंभीर तोंडं करून त्या अंगणात गेलो होतो, मेंढ्यासाठी, आणि दोघांनाही ठाऊक होतं की मेंढ्याला कसलंच बंधन नाही!

त्याच दुपारी वारलामनं त्याची लोकर उतरवली. दोन पोती निघाली. आत जे सापडलं ते एवढंसं, चिमुकलं, गुलाबी, काळ्या कानाचं. शाबाता म्हणाला, "अरे, हे तर खरंच कोकरू आहे." वारलामनं पोत्यावर बसून विचारलं, "आता हा मोकळा झाला, मग याचं काय?" नववर्षाच्या ताटात मेंढ्याचं डोकं ठेवायची आपली रीत, तुला माहीत आहे. आम्ही तिघांनी त्याच्याकडे बघितलं. त्यानं आमच्याकडे बघितलं. मी माशाचं डोकं शिजवलं.

दुसऱ्या दिवशी सिनेगॉगमध्ये नववर्षाच्या रीतीप्रमाणे मेंढ्याचं शिंग फुंकलं, तर बाहेरून आमच्या मेंढ्यानं उत्तर दिलं. पुन्हा फुंकलं, पुन्हा उत्तर. सगळे हसले, येफ्रेमआजोबासुद्धा, म्हणजे त्यांनाही ऐकू आलं. नंतर पाद्री इलारिओन खास बघायला आले. त्याच्या उघड्या पाठीवर हात ठेवून म्हणाले, "सगळ्यांची ओझी उचलली आणि वर जिवंतही राहिला. असा कोकरा मी पहिल्यांदाच बघतोय." मी त्यांना खांद्याच्या मांसाऐवजी लोकरीचं एक पोतं दिलं.

शाबाता दोन आठवड्यांनी निघेल. आक्रोड काढायचे आहेत, छपराची एक बाजू बघायची आहे. गळत नाही असं मी त्याला लिहिलं होतं. गळतं. त्याच्याबरोबर तुझ्यासाठी लोकरीचे मोजे पाठवते, कुणाच्या लोकरीचे ते सांगायला नको. मला तिकडे ये म्हणून तो रोज टुमणं लावतो. मी म्हटलं, बघू. हिवाळ्यात कबरींवरचं बर्फ कोण काढणार? तर बिन्यामिन म्हणाला, "मी काढीन." त्यानंही दोन दिवस विचार करून सांगितलं, म्हणजे मनापासून असणार.

आणि आता तुझ्याबद्दल. तू इथून गेलीस तेव्हा माझ्याशी भांडली नव्हतीस, फक्त खिडकीतून हात हलवत राहिली होतीस, बस वळेपर्यंत. मला ते आठवतं. येत्या एप्रिलमध्ये मुलांना घेऊन ये, लामारा. वल्हांडणासाठी ये. तोंड आणि मन दोन्ही एक करून बोलतेय, त्यामुळे हा बोल लागलेला आहे, आणि तो सोडवायला तिकडे तीन माणसं शोधत बसू नकोस.

तुझी
सिपोरा